लाकडी बिजागरी आणि तीस वर्षं: डिक प्रेनेकीचं प्रकरण

माझा एक मित्र आहे, पुण्यात आयटीत, त्याने वेल्ह्याच्या बाजूला दीड एकर घेतलं आणि तिथे एकट्याने राहायचं ठरवलं. लॅपटॉप बंद, फोन फक्त रविवारी, सकाळी पक्षी, संध्याकाळी डोंगर, असा सगळा प्लॅन. जायच्या आधी त्याने मला एका माणसाचा व्हिडिओ दाखवला, अलास्कात तळ्याकाठी एकट्याने लाकडाचं घर बांधणारा, म्हणाला बघ भावा, असं जगायचं. मी बघितला. मी एमआयडीसीत मेंटेनन्सला, वीस वर्षं तेच करतोय, त्यामुळे त्याला जिथे निळं तळं आणि बर्फाचे डोंगर दिसत होते तिथे मला दाराची बिजागरी दिसली. लाकडाची होती. हाताने कोरलेली. मी व्हिडिओ तीनदा मागे घेऊन ती बिजागरीच बघत बसलो आणि मित्र वैतागला.

मित्र दुसऱ्या पावसाळ्यात परत आला, त्याचं पुढे सांगतो. पण तेव्हापासून हा माणूस डोक्यातून गेला नाही, मिळेल ते वाचत गेलो आणि आता एकदाचं सगळं सलग लिहून काढतोय.

माणसाचं नाव रिचर्ड प्रेनेकी, सगळे डिक म्हणायचे. स्पेलिंग बघून आपण प्रोएनेके वाचतो, उच्चार प्रेनेकी. १९६८ च्या मे महिन्यात, वयाच्या बावन्नाव्या वर्षी, तो अलास्कातल्या ट्विन लेक्स नावाच्या जोडतळ्यांवर राहायला गेला आणि मधल्या काही फेऱ्या सोडल्या तर तिथून निघाला तो थेट ब्याऐंशीव्या वर्षी. लग्न केलेलं नव्हतं. तिथे रस्ता नाही, वीज नाही, शेजार नावालाच. माझा प्रश्न साधा आहे: हा टिकला कसा? प्रेम तर खूप लोकांना असतं निसर्गाचं, माझ्या मित्रालाही होतं.

तीस वर्षांच्या आधीची तीस वर्षं

व्हिडिओत हा भाग नसतो, आणि मला विचाराल तर अर्धं उत्तर इथेच आहे. जन्म ४ मे १९१६, अमेरिकेतल्या आयोवा राज्यात प्रिमरोज नावाच्या छोट्या गावी. बाप विहिरी खोदणारा, शिवाय रंगकाम आणि सुतारकाम. शाळा मध्येच सोडली. पर्ल हार्बरवर हल्ला झाला त्याच्या दुसऱ्याच दिवशी नौदलात भरती, तिथे काम सुताराचं. लढाईत काही झालं नाही पण संधिवाताच्या तापाने आडवा झाला, सहा महिने नौदलाच्या हॉस्पिटलात पडून, आणि १९४५ मध्ये प्रकृतीच्या कारणाने नौदलातून सुटका. अंगात ताकद असलेल्या माणसाला सहा महिने खाटेवर टाकलं की तो एकतर खचतो नाहीतर शरीराबद्दल भयंकर कडक होतो. हा दुसऱ्या जातीचा. पुढे सत्तरीतही डोंगर चढायचा.

बाहेर पडल्यावर डिझेल मेकॅनिकचं शिक्षण, ओरेगॉनमध्ये मेंढ्यांच्या रँचवर नोकरी, मग १९५० च्या आसपास अलास्का. तिथे कोडियाक बेटावरच्या नौदल तळावर अवजड मशिनरी चालवायची आणि दुरुस्त करायची, मधेमधे सामन माशांची मासेमारी. कामात नाव होतं. मग वेल्डिंगच्या कामात डोळ्यांना इजा झाली, दिसणं जवळजवळ गेलंच होतं, नशिबाने परत आलं, आणि तेव्हा त्याने ठरवलं की बस झालं, डोळे शाबूत आहेत तोवर जे बघायचं ते बघून घ्यायचं. (वेल्डिंग केलेल्या माणसाला हा निर्णय समजावून सांगावा लागत नाही. एकदा आर्क लागून रात्रभर डोळ्यांत वाळू भरल्यासारखी तळमळ झाली की दुसऱ्या दिवशी सकाळी झाडही नवीन दिसतं.)

म्हणजे जंगलात गेला तो सगळं सोडून आलेला कोणी साधूबिधू नव्हता, सुतार, डिझेल मेकॅनिक, ऑपरेटर, मेंढपाळ आणि मासेमार असे पाच जण एकाच अंगात घेऊन गेलेला माणूस होता.

जागा

ट्विन लेक्स हा भाग आज लेक क्लार्क नॅशनल पार्कमध्ये येतो. पार्क झालं १९८० मध्ये, म्हणजे हा तिथे बारा वर्षं राहिल्यावर सरकार आलं. आजही त्या पार्कात गाडीने जाता येत नाही, छोटं विमान हाच मुख्य रस्ता. उन्हाळ्यात तळ्याच्या पाण्यावर उतरणारं, थंडीत गोठलेल्या तळ्यावर स्कीवर उतरणारं. आणि यातली मेख अशी की वर्षातून दोनदा, बर्फ धरताना आणि बर्फ फुटताना, तळं धड पाणीही नसतं आणि धड जमीनही नसते, तेव्हा कुठलंच विमान उतरत नाही. ते दिवस खरे एकटे. दात दुखला, पाय मोडला, पीठ संपलं, काहीही झालं तरी तळ्याची मर्जी होईपर्यंत गप बसायचं.

थंडी उणे चाळीसच्याही खाली जाते. सेल्सियस की फॅरनहाइट हे विचारू नका, उणे चाळीसला दोन्ही एकच येतात.

अजून एक. हा मुलूख रिकामा नव्हता. देनाइना लोक या भागात हजारो वर्षं राहत आलेत, आणि लेक क्लार्कचं त्यांच्या भाषेतलं नाव आहे किझजेह वेना, अर्थ साधारण 'माणसं जमतात ते तळं'. जगभरातले लोक ज्या भागाकडे एकांताचं दुकान म्हणून बघतात त्याचं मूळ नाव हे. मला हे कळलं तेव्हा जरा हसूच आलं.

दांडे

आता माझ्या आवडीचा भाग, इथे मी थोडा रेंगाळणार आहे.

प्रेनेकी १९६८ ला आला खरा, पण झाडं त्याने १९६७ च्या उन्हाळ्यातच पाडून ठेवली होती. स्प्रूसची (तिकडचं सूचिपर्णी झाड), पन्नासच्या आसपास. तोडली, साल काढली, रचून ठेवली आणि निघून गेला, वर्षभर सुकू दे म्हणून. ओल्या लाकडाचं घर बांधलं की ते नंतर आकसतं, सांधे उघडतात, आणि उणे चाळीसला एका बोटाएवढी फट म्हणजे काय हे सांगायला नको. म्हणजे घराचं पहिलं काम होतं वाट बघणं. ही गोष्ट मित्राला सांगितली तेव्हा तो म्हणाला, हं, म्हणजे प्लॅनिंग. मी म्हटलं प्लॅनिंग नाही रे, बेगमी. आपली आजी मे महिन्यात पापड, सांडगे, मिरच्या, जळण सगळं भरून ठेवायची, त्याला ती प्लॅनिंग म्हणायची नाही, तिला माहीत होतं की जूनमध्ये पाऊस येणार आणि चुलीत ओलं लाकूड पेटत नाही.

बांधकाम चालू असताना तो जवळच, एका निवृत्त नौदल अधिकारी मित्राच्या केबिनमध्ये राहिला. हेही शहाणपणच. डोक्यावर छप्पर असताना घर बांधायचं.

हत्यारं आणली ती बरीचशी दांड्याशिवाय. फक्त लोखंडी पाती, कारण विमानात वजन मोजून घेतात आणि लाकूड तर तिथे आहेच. दांडे त्याने तिथेच बनवले. ज्यांनी कधी दांडा बसवला नाही त्यांना हे सोपं वाटेल. दांड्याला लाकडाचे रेषे सरळ टोकापर्यंत गेलेले लागतात, मधे गाठ आली की जोराच्या घावाला तिथेच मोडतो. पुढचं टोक डोळ्यात (पात्याच्या भोकाला डोळा म्हणतात आमच्याकडे) घट्ट जाईल एवढं तासायचं, मग पाचर ठोकायची, आणि लाकूड ओलं असेल तर आठवड्याभरात सुकून सैल पडतं आणि एखाद्या दिवशी पातं सुटून गुडघ्यावर येतं. हॉस्पिटल नसलेल्या जागी. तर ज्या माणसाला स्वतःच्या दांड्यावर भरवसा आहे तो माणूस तिथे राहू शकतो, असा माझा साधा हिशोब आहे.

चेनसॉ नव्हता. कुऱ्हाड, करवत, वाकस, पटाशी, रंधा, गिरमिट, आणि साल काढायची दोन मुठींची सुरी, जी अंगाकडे ओढतात. भिंतीचे ओंडके कोपऱ्यावर एकमेकांत खाचांनी बसतात, म्हणजे खालच्या ओंडक्याचा गोलवा वरच्यावर आखून घ्यायचा, तेवढाच कोरायचा, पालथा घालायचा, बघायचं, परत उचलायचा, परत कोरायचा. एकट्याने. आतून साधारण ११ बाय १५ फुटांची एक खोली, म्हणजे आपल्या चाळीतल्या खोलीपेक्षा थोडी मोठी. दार दोन भागांचं, वरचा अर्धा वेगळा उघडतो, आणि त्याला ती लाकडी बिजागरी आणि लाकडीच कडी. छपरावर बारीक ओंडके, त्यावर डांबरी कागद आणि प्लॅस्टिक, आणि त्यावर शेवाळाचा थर. प्लॅस्टिक वापरलं म्हणून काही लोक नाक मुरडतात. मला उलट त्याचाच विश्वास वाटतो. कोकणात शाकारणी करणारा माणूसही आता कौलाखाली ताडपत्री टाकतोच, भिजणारं घर कोणाला हवंय.

चूल आणि धुराडं दगडांचं, दगड तिथलेच. पेट्रोलचे चौकोनी डबे कापून त्याची भांडी, टोप, डबे. चमचे आणि वाडगे लाकडाचे. अन्न थंड राहावं म्हणून डबे जमिनीत, शेवाळाखाली. खाऊ अस्वलांपासून वाचवायला खांबांवर उंच छोटी कोठी. घराला विकतच्या मालाचा खर्च आला चाळीस डॉलरच्या थोडा वर.

एक ठिकाणी मी त्याच्याशी सहमत नाही. उघड्या शेकोटीसारखी दगडी चूल ही दिसायला फार सुंदर पण उष्णता बरीचशी धुराड्यातून आकाशात जाते, लोखंडी स्टोव्ह त्याच लाकडात कितीतरी जास्त ऊब देतो. पण त्याला ती हवी होती. ठीक आहे, जो लाकूड फोडतो त्याने ठरवावं.

विमान, पीठ आणि डायरी

आता लोकांचा आवडता आक्षेप. विमानाने सामान यायचं की, मग कसला एकटा!

यायचं, खरंय. बेब ऑल्सवर्थ नावाचा वैमानिक त्याला पत्रं आणि किराणा आणून द्यायचा. ओट, बीन्स, पीठ, साखर. आंबवलेल्या पिठाचं विरजण तो जपायचा, आपण दह्याचं जपतो तसंच, त्याच्या भाकऱ्या आणि धिरडी. तळ्यातले मासे, उन्हाळ्यात बेरी, भाजीचा एक छोटा वाफा. शिकारी लोक शिंगांसाठी जनावर मारून मांस टाकून जायचे ते तो उचलून घरी आणायचा, आणि त्यांनी मागे टाकलेला कचराही गोळा करायचा, त्याचा राग त्याने डायरीत काढलाय.

याला मी चीटिंग मानत नाही. उलट विमान कधी येणार, कधी येऊ शकणार नाही, तोवर काय काय लागेल, हे त्याला बरोबर माहीत होतं, आणि माणसांशी त्याचं भांडण नव्हतं. पहिले सोळा महिने राहून तो घरच्यांना भेटायला आणि सामान आणायला गेलाच, पुढच्या वसंतात परतला. भाऊ येऊन राहून जायचा. एकटं राहणं वेगळं आणि माणसं तोडणं वेगळं.

तुलनेला दोन प्रकरणं पटकन. अमेरिकेतच मेन राज्यात ख्रिस्तोफर नाइट नावाचा माणूस १९८६ पासून २०१३ पर्यंत, सत्तावीस वर्षं, जंगलात जवळजवळ कोणाशीच न बोलता राहिला, पण जगला तो आसपासच्या केबिन फोडून, हजाराच्या घरात चोऱ्या करून. दुसरा ख्रिस मॅकँडलेस, चोवीस वर्षांचा पोरगा, १९९२ च्या एप्रिलमध्ये अलास्काच्या रानात गेला, एका टाकून दिलेल्या बसमध्ये राहिला, परत निघाला तर जाताना सहज पार केलेली नदी बर्फ वितळून फुगलेली, तो मागे फिरला आणि ऑगस्टमध्ये त्याच बसमध्ये गेला. त्याच्यावर चिडणारे लोक आहेत, मी नाही चिडत, चोवीस वय म्हणजे काय असतं. पण हा आणि प्रेनेकी, दोघं एकाच राज्यात राहायला गेलेले. एकाला नदी कधी फुगते हे माहीत नव्हतं, आणि प्रेनेकी रोज तळ्यावरचा बर्फ किती जाड झाला ते मोजून लिहून ठेवत होता.

हे लिहून ठेवणं मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. रोज. तापमान, वारा, बर्फ, कुठल्या उतारावर किती रानमेंढ्या दिसल्या, अस्वलीण पिल्लं घेऊन कुठून गेली, काय शिजवलं, काय दुरुस्त केलं. वह्या भरल्या की नव्या, अडीचशेच्या आसपास वह्या झाल्या, त्या आता पार्कच्या ताब्यात आहेत. शिवाय १६ एमएमचा बोलेक्स कॅमेरा. व्हिडिओत तो जो तळ्यावरून लांब चालत जाताना दिसतो ना, त्यात आपण विसरतो की कॅमेरा चालू करून तो गेलाय आणि शॉट संपल्यावर तेवढंच अंतर परत चालत येऊन त्यानेच तो बंद केलाय. उणे तापमानात. हे कळल्यापासून मी तो व्हिडिओ बघताना पावलं मोजतो.

आणि 'जे' जातीचे राखाडी पक्षी, ज्यांना तिकडे छावणीचे चोर म्हणतात, ते त्याच्या हातावर बसून खायचे. माझ्या मित्राला हाच सीन सगळ्यात आवडतो. मलाही आवडतो, फक्त मला त्या हाताकडे बघवत नाही, इतक्या चिरा आणि गाठी आहेत त्या हातावर.

वेल्हे

मित्राचं असं झालं. पहिला पावसाळा हौसेत गेला. दुसऱ्या जूनमध्ये शेडचे दोन पत्रे उडाले, ज्याने शेड मारली तो फोन उचलेना. मग बोअरची मोटर जळाली. मोटर वर काढायला माणसं लागतात, रिवाइंडिंगला न्यायला गाडी लागते, गाडी चिखलात रुतलेली. दहा दिवस पन्हाळीखाली बादल्या लावून पाणी भरलं. पुस्तकं भिजली, गादीला बुरशी, आणि घरात एक पाना नव्हता. पाना नव्हता! मी विचारलं तुझ्याकडे हत्यारं काय आहेत, तर म्हणाला एक स्विस नाइफ आहे.

परत आल्यावर चहा पिताना म्हणाला ते मला फार खरं वाटलं. म्हणाला, मला वाटलं होतं मला तिथे कंटाळा येईल, एकटं वाटेल, त्याची मी मनाची तयारी करून गेलेलो. ते काही झालंच नाही रे. कामं आली. इतकी आली की पक्षी बघायला वेळच मिळाला नाही.

मी म्हटलं, प्रेनेकीलाही तीच आली. फक्त तो कामं करतानाच पक्षी बघत होता. जळण फोडणं, पाण्यासाठी बर्फातलं भोक उघडं ठेवणं, धुराडं साफ करणं, दांडा बदलणं, हे संपल्यावर मग निसर्ग असं त्याचं नव्हतंच. लाकूड फोडायला बाहेर उभा राहिलेला माणूस पलीकडच्या उतारावरचं अस्वल बघतो, कारण त्याला बाहेर उभं राहावंच लागतं. आपण मात्र डागडुजी कोणाला तरी आउटसोर्स करून उरलेल्या वेळात निसर्ग बघायला जातो.

शेवट त्याचा

१९७३ मध्ये त्याच्या डायऱ्यांवरून एक पुस्तक आलं आणि मग पत्रं यायला लागली, लोकही यायला लागले. तो पत्रांना उत्तरं द्यायचा. पार्क झाल्यावर तिथल्या कर्मचाऱ्यांशी त्याचं जमलं, त्यांच्यासाठी त्याने प्राण्यांच्या नोंदी, चित्रीकरण असं बरंच काही केलं. म्हणजे शेवटची वीस वर्षं तो तेवढाही एकटा नव्हता, आणि त्याने त्याचं काही वाईट वाटून घेतल्याचं मला कुठे दिसलं नाही.

ब्याऐंशीव्या वर्षी तिथले हिवाळे झेपेनात तेव्हा तो निघाला. कॅलिफोर्नियात हेमेट नावाच्या गावी भावाकडे राहिला आणि २० एप्रिल २००३ ला गेला, वय शहाऐंशी. केबिन पार्ककडे आहे, २००७ मध्ये ऐतिहासिक वास्तूंच्या राष्ट्रीय यादीत आली. उन्हाळ्यात लोक विमानाने उतरून बघायला जातात, दाराची कडी हात लावून बघतात. ओंडके आणि छप्पर यांची देखभाल पार्कचे लोक करतात, कारण लाकूड आहे, कोणीतरी करत राहिलं तरच राहणार.

मित्राने जमीन विकलेली नाही अजून. मागच्या महिन्यात फोन आला, कुऱ्हाडीला दांडा बसवायचाय, ऑनलाइन फायबरचा मिळतोय, घेऊ का? मी म्हटलं बांधावर बाभूळ आहे का बघ. आहे म्हणाला. सरळ फांदी बघून तोड, म्हटलं, साल काढ, सावलीत टाक आणि विसरून जा. कधीपर्यंत? पुढच्या उन्हाळ्यापर्यंत.

बराच वेळ काही बोलला नाही, मग म्हणाला, तोपर्यंत काय करू? म्हटलं पाने घे एक सेट, बाराचा आणि तेराचा आधी.